पन्नास वर्षांनी आलेलं अपील

घणसोलीत राहणाऱ्या, पंचेचाळिशीतल्या एका ताईंचं पत्र आलं आहे. गाव आणि माणसं ओळखू येऊ नयेत म्हणून काही तपशील बदलून ते थोडक्यात देते.

त्यांचे आजोबा ठाणे जिल्ह्यातल्या एका गावात कुळ म्हणून भातशेती करायचे. जमीन सव्वा एकर. मालकीण एक विधवा बाई. १९६९ साली कुळकायद्याच्या ‘३२ ग’ कलमाची चौकशी होऊन आजोबांनी मालकिणीला द्यायची खरेदीची किंमत ठरली, १९७२ साली ‘३२ म’ कलमाचं, म्हणजे खरेदी पूर्ण झाल्याचं, प्रमाणपत्र मिळालं आणि सातबारावर आजोबांचं नाव लागलं. आता बाईंच्या नातवंडांनी प्रांत (उपविभागीय अधिकारी) कार्यालयात अपील केलं आहे. त्यांचं म्हणणं असं, की आजी तेव्हा गावात राहत नव्हती, तिला चौकशीची नोटीस कधी मिळालीच नाही, आणि आम्हाला हे सगळं रस्त्याच्या भूसंपादनाची चर्चा सुरू झाल्यावर कळलं. प्रांतांनी उशीर माफ करून अपील दाखल करून घेतलं. त्याची नोटीस निघाली ती मयत आजोबांच्या नावानं. गावच्या धाकट्या काकांनी ती घेतली आणि महिनोन्महिने कुणाला सांगितलं नाही.

घरात आता तीन मतं आहेत. काका म्हणतात, थोडे पैसे देऊन मिटवा, मोबदला अडकायला नको. चुलतभाऊ म्हणतो, जुनी फाईल सापडणारच नाही अशी सोय करता येईल. वकील म्हणतात, उशिराच्या एका मुद्द्यावर अपील उडवू. ताई लिहितात: “वडील एकदा बोलून गेले होते, ‘बाईंना कुणी विचारलंच नाही गं.’ ते खरं असेल तर ‘तुम्ही उशिरा आलात’ एवढंच म्हणून त्यांना दारातून परत पाठवायला मन धजत नाही. आणि तीन पिढ्यांनी कसलेली जमीन सोडायलाही नाही. मी काय करू?”

ताई,

तुम्ही पत्र हरल्यासारखं लिहिलं आहे, म्हणून आधी हे सांगते: जमीन कुठेही गेलेली नाही. प्रांतांनी अपील ऐकायला घेतलं आहे, त्याचा निकाल लावलेला नाही. तुमचं ‘३२ म’चं प्रमाणपत्र आजही उभं आहे, आणि कुळकायदा त्या प्रमाणपत्राला खरेदीचा निर्णायक पुरावा मानतो. ते रद्द झाल्याशिवाय सातबारावरचं नाव हलत नाही.

आता उशिराबद्दल. कुळकायद्याच्या ७९व्या कलमाप्रमाणे अपिलाला ६० दिवस मिळतात. पण त्याच कलमानं मुदतीच्या कायद्याचं ५वं कलमही लागू केलं आहे. म्हणजे पुरेसं कारण दाखवलं तर उशीर माफ होऊ शकतो. ‘पुरेसं कारण’ म्हणजे किती दिवसांचं, याला माप नाही. १९८७ साली अनंतनागच्या कलेक्टरांच्या अपिलाला चार दिवस उशीर झाला होता. सर्वोच्च न्यायालयानं तो माफ केला आणि अशा वेळी उदार राहा असं सांगितलं. १९९८ साली ८८३ दिवसांचा उशीर माफ झाला. तेव्हा न्यायालय म्हणालं, की दिवस किती यापेक्षा कारण पटण्यासारखं आहे का ते बघा. आणि २०२४ साली भूसंपादनाच्या एका प्रकरणात वारसांचा ५,६५९ दिवसांचा उशीर माफ करायला त्याच न्यायालयानं नकार दिला. मूळ बाजू भक्कम वाटते म्हणून उशीर माफ करता येत नाही, असंही बजावलं. तेव्हा ‘पन्नास वर्षं झाली, आपोआप उडेल’ या तुमच्या वकिलांच्या खात्रीवर मी विसंबणार नाही. आणि ‘उशीर माफ झाला, आता संपलं’ या तुमच्या भीतीवरही नाही.

पण या सगळ्यात एक गोष्ट तुमच्या नजरेतून सुटली आहे. प्रांतांनी उशीर माफ केला तो तुम्हाला न ऐकता. इतक्या वर्षांनी मुदत उठवायची म्हणजे समोरच्याला मिळालेला हक्क हलवायचा, म्हणून त्याला नोटीस देऊन, त्याचं ऐकून आणि कारणं लिहूनच तो आदेश व्हायला हवा. नोटीस मेलेल्या माणसाच्या नावानं निघाली, वारस रेकॉर्डवर आले नाहीत, तर ती सुनावणी तुमची झालीच नाही. हा तुमचा सगळ्यात बळकट मुद्दा आहे. मात्र काकांनी नोटीस दाबून ठेवल्यामुळे त्या आदेशाला आव्हान द्यायची तुमची मुदतही उलटून गेली असेल. म्हणजे तुम्हालाच आता विलंब माफीचा अर्ज करावा लागेल. त्यात तुम्ही काय लिहाल? ‘आम्हाला नोटीस मिळाली नाही, कळलं तेव्हा लगेच आलो.’ समोरची नातवंडंही हेच म्हणत आहेत.

हे तुम्हाला लाजवायला लिहीत नाही. तुमच्या मनात जी ओढाताण चालली आहे तिचं उत्तर मला यातच दिसतं. उशिराचा मुद्दा घेणं म्हणजे कुणाला दारातून हाकलणं, असं तुम्ही धरून चालला आहात. मुदतीचा कायदा अशासाठी आहे की माणसानं जमिनीवर घर बांधावं, बांध घालावा, मुलांची शिक्षणं करावी आणि पन्नास वर्षांनी कुणी येऊन ते उपटू नये. आणि माफीची तरतूद अशासाठी, की ज्याला खरंच कळलं नाही त्याचं तोंड बंद होऊ नये. तुम्हाला या दोन्हींची गरज आहे, त्यांनाही आहे. म्हणून उशिराचा मुद्दा जरूर घ्या, पण खऱ्या कागदांवर घ्या. बाईंना नोटीस मिळाली होती असं तुम्हाला माहीत नसेल तर प्रतिज्ञापत्रात तसं लिहू नका. ‘नोंदीत असं दिसतं’ एवढंच लिहा. वकील आग्रह करतील. तरीही लिहू नका.

मग नोंदीत काय दिसतं? हे तुमच्या घरात अजून कुणीच पाहिलेलं नाही, आणि पत्र वाचताना मला सर्वात जास्त काळजी याची वाटली. वडिलांचं एक वाक्य, काकांची भीती आणि भूसंपादनाची अफवा, एवढ्यावर सगळे निर्णय चालले आहेत. ‘३२ ग’च्या मूळ फाईलची सही-शिक्क्याची नक्कल काढा: रोजनामा (सुनावणीची तारीखवार नोंद), नोटीस, तिची बजावणी, जबाब, आदेश, सगळं. तहसील कचेरीच्या अभिलेख कक्षात अर्ज करा आणि अर्जाची पोच जपून ठेवा. प्रांतांच्या उशीर माफीच्या आदेशाचीही नक्कल मागा, कारण ज्या आदेशाला आव्हान द्यायचं त्याची नक्कल मिळायला लागलेले दिवस मुदतीतून वजा होतात. जुने सातबारे आणि फेरफार अनेक तालुक्यांचे ‘आपले अभिलेख’ या सरकारी संकेतस्थळावरही मिळतात. नक्कल द्यायला टाळाटाळ झाली तर माहितीच्या अधिकारात फाईल पाहायला मागा.

रोजनामा सावकाश वाचा. बाईंच्या नावापुढे ‘नोटीस बजावली’ आहे, की ‘पत्त्यावर मिळून आल्या नाहीत, घरावर डकवली’ आहे? डकवली असेल तर पंच कोण? कुणी मुखत्यार किंवा दिवाणजी हजर होता का? त्या काळी ठाण्या-मुंबईत राहणाऱ्या मालकांच्या वतीनं बऱ्याचदा गावातलाच एखादा माणूस खंड (कुळानं मालकाला द्यायचा वाटा) गोळा करायचा आणि तोच कचेरीत उभा राहायचा. तसा कुणी जबाब देऊन गेला असेल तर वडिलांचं वाक्य आणि फाईल वेगळं सांगतील. दोन्ही खरं असू शकतं: कायद्यानं नोटीस पोचली, पण बाईंना स्वतःला कुणी विचारलं नाही.

नंतर पैशाचा माग काढा. कुळकायद्यात जमीन फुकट मिळत नव्हती. साधारण कुळासाठी किंमत आकाराच्या (जमिनीच्या शेतसाऱ्याच्या) २० ते २०० पटींच्या दरम्यान ठरायची आणि ती शेतजमीन न्यायाधिकरणाकडे भरावी लागायची. आजोबांनी हप्ते भरले असतील तर चलनं, पावत्या कुठेतरी असतील. आणि ते पैसे बाईंनी किंवा त्यांच्या वतीनं कुणी उचलले असतील, तर ‘आम्हाला काहीच माहीत नव्हतं’ हे म्हणणं टिकणं कठीण. उचलले नसतील, तर तेही त्यांच्या बाजूनं बोलेल. पैसे उचलले नसले तरी तुमच्याकडे आणखी एक मुद्दा उरतो. मुदत आदेशाच्या तारखेपासून मोजायची की कळल्यापासून, या प्रश्नावर सर्वोच्च न्यायालयानं १९६१ सालीच भूसंपादनाच्या एका प्रकरणात सांगितलं आहे, की प्रत्यक्ष कळणं जसं धरायचं तसंच कळायला हवं होतं हेही धरायचं. खंड येणं थांबलं, शेतसारा दुसराच भरू लागला, सातबारावरून नाव गेलं. इतकी वर्षं एकदाही कुणी का विचारलं नाही, हा प्रश्न त्यांना विचारणं अन्याय नाही. त्याचं उत्तर त्यांच्याकडे असेल तर त्यांनी द्यावं.

आता तुमचा खरा प्रश्न. बाईंना खरंच कुणी विचारलं नसेल तर?

तर आधी हे पाहायला हवं, की विचारलं असतं तर काय बदललं असतं. १ एप्रिल १९५७ या कृषक दिनी, जमीन कसणारं कुळ कायद्यानंच खरेदीदार मानलं गेलं. मालकाची संमती लागत नव्हती. ‘३२ ग’च्या चौकशीत मालक किंमत किती, क्षेत्र किती, हा माणूस खरंच कुळ आहे का, यावर बोलू शकत होता, ‘मला विकायची नाही’ म्हणण्याला तिथे जागा नव्हती. म्हणून नोटीस चुकली तरी प्रत्येक वेळी जमीनच परत जावी असं होत नाही. पण या नियमाला एक मोठा अपवाद आहे, आणि तुमचं प्रकरण नेमकं त्याच्या काठावर उभं आहे. मालक विधवा, अल्पवयीन किंवा अपंग असेल तर ‘३२ फ’प्रमाणे कुळाचा खरेदीचा हक्क पुढे ढकलला जातो. विधवेच्या बाबतीत तिचा हक्क संपेपर्यंत, आणि त्यानंतर तिच्या वारसांना जमीन स्वतः कसण्यासाठी मागायला मिळणारी मुदत सरेपर्यंत. बाई १ एप्रिल १९५७ला विधवा होत्या का? की त्यांचे यजमान त्यानंतर गेले? जमीन त्यांची एकटीची होती की एकत्र कुटुंबाची? तुमच्या पत्रात हे कुठेच नाही.

यजमान नंतर गेले असतील तर हा अपवाद लागत नाही. त्या दिवशीच्या मालकाची स्थिती महत्त्वाची. पण बाई तेव्हाच विधवा असतील आणि जमीन त्यांच्या एकटीच्या नावावर असेल, तर १९६९ची चौकशी वेळेआधी झाली, असा मुद्दा ते घेतील. तो हसण्यावारी नेण्यासारखा नाही. तरीही घाबरू नका. २०१९ साली सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी विधवा मालकिणीच्याच प्रकरणात सांगितलं आहे, की विधवेचा हक्क संपल्याचं वारसांनी कुळाला कळवायला हवं. कुणी कळवलंच नाही तर कुळानं ठरलेल्या मुदतीत नोटीस दिली नाही एवढ्यावरून त्याचा हक्क बुडत नाही. म्हणजे मृत्यूच्या दोन तारखा, यजमानांची आणि बाईंची, या तुमच्या प्रकरणात सातबाराइतक्याच मोलाच्या आहेत. त्या मिळवा, आणि वकिलांना त्याच घेऊन भेटा.

कायद्यानं त्या बाईंचाही विचार केला होता आणि तुमच्या आजोबांचाही, हे मला मनापासून महत्त्वाचं वाटतं. शेजारच्या कुलाबा जिल्ह्यात, आजच्या रायगडात, चरीच्या शेतकऱ्यांनी १९३३ ते १९३९ अशी सहा वर्षं जमिनी न कसता संप केला. त्यांच्यासारख्यांच्या सोसण्यातून कूळकायदे आले. तुमच्या आजोबांचा हक्क कुणी दया म्हणून दिलेला नाही. तो राखायला तुम्ही उभ्या राहिलात तर त्यात ओशाळण्यासारखं काही नाही.

चुलतभावाच्या ‘सोयी’बद्दल मी एकच सांगेन: तो विषय घरात पुन्हा निघू देऊ नका. सरकारी फाईल गायब करणं गुन्हा आहे. आणि पाहा ना, तुमचा हक्क ज्या चौकशीवर, ज्या आदेशावर उभा आहे, तो त्याच फाईलमध्ये आहे. फाईल गेली तर प्रमाणपत्राच्या पाठीशी काय उरलं? उलट आजच नकलांसाठी अर्ज करा, म्हणजे ती कुणाला नाहीशी करणं अवघड होईल.

काकांचं मिटवण्याचं म्हणणं मी धुडकावणार नाही. कागद पाहिल्यावर बाईंच्या बाजूला खरंच काही दिसलं, तर तडजोड हा चांगला मार्ग आहे, आणि भूसंपादनाचा मोबदला येणार असेल तर सोयीचाही. हक्काचा वाद असला की रक्कम वाद मिटेपर्यंत अडकून राहते, हे काकांचं म्हणणं खरं आहे. पण नोटरीच्या कागदावर, दोन साक्षीदारांसमोर, रोख देऊन केलेल्या तडजोडीला काही अर्थ नाही. तुमच्या सातबारावर ‘कुळकायदा कलम ४३च्या बंधनास पात्र’ असा शेरा असेल. अशी जमीन हस्तांतरित करायला कलेक्टरांची परवानगी लागायची. २०१४च्या दुरुस्तीनंतर, खरेदीला दहा वर्षं उलटलेली असतील तर आकाराच्या ४० पट नजराणा (सरकारला द्यायची रक्कम) भरून आणि बाकीच्या अटी पाळून ती विकता येते. म्हणून जमिनीचा तुकडा द्यायचा ठरला तर हे सगळं पाळून नोंदणीकृत दस्त करावा लागेल. मोबदल्यातला हिस्सा द्यायचा ठरला तर तो अपिलातच, दोन्ही बाजूंच्या सह्यांनी लेखी दाखल झाला पाहिजे.

आणि सह्या कुणाच्या? पत्रात काका आहेत, चुलतभाऊ आहेत, तुम्ही आहात. आजोबांना मुली किती? तुमच्या आत्या वारस आहेत की नाहीत, त्यांना या अपिलाचं कुणी सांगितलं आहे का? नोटीस काकांनी घेतली तशी तडजोडही काका एकटेच करणार असतील, तर उद्या आत्यांची मुलं ‘आमच्या आईला कुणी विचारलंच नाही’ म्हणत कुठल्या तरी कचेरीत उभी राहतील. सगळ्या वारसांची यादी करा, सगळ्यांना घरी बोलवा, आणि काकांनी नोटीस का लपवली ते त्यांना सगळ्यांसमोर बोलू द्या. ते घाबरले असतील. नोटीस आपण घेतली आणि कुणाला सांगितली नाही, हे त्यांनी प्रतिज्ञापत्रावर लिहून देणं हा तुमच्या विलंब माफीचा मुख्य आधार आहे, म्हणून त्यांना दुखावून चालणार नाही.

अशी पत्रं उलट्या स्थितीतल्या, म्हणजे जमीन नावावर न झालेल्या कुळांच्या घरांतूनही येतात, म्हणून त्या वाचकांसाठी थोडं. आजोबा चौकशीला हजर राहिले नाहीत म्हणून खरेदी ‘निष्प्रभ’ ठरली, असं आज कळलेली कुळांची नातवंडं ठाणे जिल्ह्यात पुष्कळ आहेत. गैरहजेरीत झालेला असा आदेश पक्षकाराला कळवावा लागतो आणि कळवल्यापासून ६० दिवसांत फेरविचार मागता येतो, असं ‘३२ ग’मध्येच म्हटलं आहे. तेव्हा तुमचा पहिला शोध तो आदेश आजोबांना कळवला गेला होता का, याचा असू द्या. आणि कधी, कसं, कुणाकडून कळलं हे तारखांसकट आजच लिहून काढा. ‘नुकतंच समजलं’ एवढ्या दोन शब्दांवर कुणीही उशीर माफ करणार नाही. आदेश मुळातच बेकायदा आहे म्हणून मुदत लागत नाही, असं कुणी सांगितलं तर त्या भरवशावर थांबू नका. बेकायदा आदेशालाही वेळेत आव्हान द्यावं लागतं.

वकिलांच्या फीची तुम्ही काळजी लिहिली आहे. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ प्रमाणे स्त्रियांना मोफत वकील मिळतो, त्याला उत्पन्नाची अट नाही, आणि महसुली न्यायाधिकरणांसमोरच्या कामालाही तो मिळू शकतो. ठाण्यात जिल्हा न्यायालयातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. आताचेच वकील ठेवायचे असतील तर त्यांना विचारा: उशीर माफ केल्याचा आदेश मागे घ्यायचा अर्ज प्रांतांसमोर द्यायचा, की महाराष्ट्र महसूल न्यायाधिकरणात जायचं? हा निर्णय त्यांचा, पण दोन्ही वाटांच्या मुदती त्यांनी तुम्हाला लेखी मोजून द्याव्यात. तोवर पुढच्या तारखेला तुम्ही स्वतः जा. सगळ्या वारसांची नावं रेकॉर्डवर घ्यावीत, अपिलाची आणि विलंब माफीच्या अर्जाची प्रत आम्हाला मिळावी, आणि म्हणणं मांडायला वेळ मिळावा, एवढं लिहिलेला अर्ज द्या. बाहेर पडण्याआधी तो अर्ज दाखल झाल्याची नोंद त्या दिवशीच्या रोजनाम्यात आली आहे ना, ते बघून घ्या.